गेम मस्त चालतो, रेकॉर्डिंग मात्र अडखळतं: आधी काय बघायचं आणि कुठे थांबायचं

दिवाळीची किंवा मे महिन्याची सुट्टी लागली की हा प्रश्न ठरलेला. नात्यातली, सोसायटीतली, मित्रांच्या घरची पोरं गेमप्लेचं चॅनल काढतात आणि आठवडाभरात फोन येतो: "दादा, गेम एकदम स्मूथ चालतोय, पण रेकॉर्डिंग लॅग मारतंय. ग्राफिक कार्ड बदलावं लागेल का?"

बहुतेक वेळा नाही लागत. अशी जी मशीनं माझ्यासमोर आली त्यांतली बरीचशी नुसत्या सेटिंगवर सुधारली, काहींना साफसफाई लागली, आणि खिशात हात घालायची वेळ फार थोड्यांवर आली. म्हणून खालचा क्रम फुकटातल्या उपायांपासून खर्चिक उपायांकडे जातो. मधल्या पायऱ्या गाळू नका.

सगळं विवेचन विंडोज १० किंवा ११ वरच्या ओबीएस स्टुडिओ या रेकॉर्डिंगच्या सॉफ्टवेअरला धरून आहे. ते फुकट आहे, ओपन सोर्स आहे, २०१२ पासून चालू आहे, आणि मुख्य म्हणजे कुठे चुकतंय ते स्वतःच आकड्यांत सांगतं.

लक्षणं

- खेळताना स्क्रीनवर काहीच जाणवत नाही, पण नंतर फाइल बघितली की चित्र दर काही सेकंदांनी धक्के खातं.
- चित्र गोठतं, आवाज चालू राहतो, मग चित्र एकदम पुढे उडी मारतं.
- स्फोट, धूर, गर्दी असली की हमखास अडखळतं, मोकळ्या रस्त्यावर ठीक असतं.
- पहिली दहा-पंधरा मिनिटं उत्तम, नंतर बिघडत जातं.
- ओबीएसच्या खालच्या पट्टीत 'एन्कोडिंग ओव्हरलोडेड' असा इशारा येतो.
- स्टॉप दाबल्यावर 'स्टॉपिंग रेकॉर्डिंग' असं बराच वेळ दिसत राहतं.

यांतलं एक जरी जुळलं तरी पुढे वाचा. स्क्रीन पूर्ण काळी येत असेल तर तो वेगळा आजार आहे, त्याच्यापुरतं इथेच सांगतो. बऱ्याच गेमिंग लॅपटॉपमध्ये दोन जीपीयू (ग्राफिक चिप) असतात, एक प्रोसेसरमधला आणि एक वेगळा. गेम एकावर आणि ओबीएस दुसऱ्यावर चालत असलं तर गेम कॅप्चरच्या, म्हणजे गेमचं चित्र उचलणाऱ्या ओबीएसमधल्या सोयीच्या, हाती काही लागत नाही. विंडोजच्या सेटिंग्जमध्ये सिस्टिम, डिस्प्ले, ग्राफिक्स असं जा, यादीत ओबीएस घाला आणि त्याला 'हाय परफॉर्मन्स' द्या. माइनक्राफ्टची जावा आवृत्ती असेल तर त्या यादीत जावाही घालावं लागतं, कारण गेम प्रत्यक्षात त्याच्यावर चालतो. ओबीएस बंद करून पुन्हा उघडा. बहुधा चित्र येतं.

एका फ्रेमचा प्रवास

हे समजलं की पुढचं सगळं सोपं आहे. गेम जीपीयूवर चित्र काढतो. ओबीएस ते उचलतं, त्यावर वेबकॅम, लोगो, काय असेल ते चिकटवून आपली फ्रेम तयार करतं. हे कामसुद्धा जीपीयूवरच होतं आणि लोक नेमकं हेच विसरतात. मग एन्कोडर ती फ्रेम दाबून लहान करतो. शेवटी ती डिस्कवर लिहिली जाते. सेकंदाला ६० फ्रेमचं रेकॉर्डिंग म्हणजे प्रत्येक फ्रेमला १६.६७ मिलिसेकंद. एवढ्यात ज्या टप्प्याचं काम उरकत नाही, तिथे फ्रेम गळते.

एन्कोडर हवाच कशाला, असा प्रश्न काही जण विचारतात. १९२० गुणिले १०८० च्या चित्रात २०,७३,६०० पिक्सेल, प्रत्येकी ३ बाइट, सेकंदाला ६० वेळा. सेकंदाला साधारण ३७३ एमबी होतात, तासाला १.३ टीबीच्या वर. एवढं कुठे ठेवणार?

फ्रेम गळली की ओबीएस तिच्या जागी आधीचीच फ्रेम पुन्हा लावतं, म्हणजे व्हिडिओची लांबी कमी होत नाही आणि आवाज पुढेमागे होत नाही. चित्र गोठलेलं आणि आवाज मात्र नीट, असं दिसतं ते यामुळे.

१. दोष फाइलचा की प्लेअरचा?

याला दोन मिनिटं लागतात आणि कधीकधी प्रश्न इथेच मिटतो. फाइल व्हीएलसी या व्हिडिओ प्लेअरमध्ये उघडा, धक्का बसतो तिथे पॉज करा आणि कीबोर्डवरचं 'ई' एकेकदा दाबत जा. दर वेळी एकच फ्रेम पुढे सरकते. गेममधला कॅमेरा फिरत असेल असा तुकडा निवडा, म्हणजे प्रत्येक फ्रेमला चित्र थोडं सरकलेलं दिसायला हवं.

दर दाबाला चित्र सरकत असेल तर फाइल निर्दोष आहे. तुमचं मशीन ती नीट दाखवू शकत नाही एवढंच. जुन्या प्रोसेसरवर एचईव्हीसी किंवा एव्ही१ या व्हिडिओ दाबण्याच्या नव्या पद्धतींत रेकॉर्ड केलं की असं होतं. तीच फाइल नव्या फोनवर चालवून बघा, तिथे सुरळीत दिसली तर रेकॉर्डिंगसाठी एच.२६४ ही जुनी पद्धत निवडा आणि विषय संपवा.

'ई' चार-पाच वेळा दाबूनही चित्र जागचं हलत नाही आणि मग एकदम लांब जातं, तर फ्रेम खरोखरच गळल्या आहेत. पुढच्या पायरीवर या. मात्र प्रत्येक चित्र नेमकं दोन-दोनदा येत असेल तर तो बिघाड नव्हे. गेम ३० फ्रेमने चाललाय आणि रेकॉर्डिंग ६० ने.

२. चार्जर, पॉवर मोड आणि दुसरे रेकॉर्डर

लॅपटॉप चार्जरवर आहे ना? बॅटरीवर जीपीयूला मुद्दाम आवरून धरलेलं असतं. चार्जरही सोबत आलेलाच हवा. गेमिंग लॅपटॉपला टाइप-सीचा ६५ वॅटचा चार्जर लावला की चार्जिंगचा दिवा लागतो, पण खेळताना लागणारी वीज त्यातून पुरत नाही आणि मशीन स्वतःचा वेग उतरवतं. विंडोजमधला पॉवर मोड 'बेस्ट परफॉर्मन्स'वर ठेवा.

मग बघा, तुमच्या नकळत दुसरं कोणी रेकॉर्डिंग करतंय का. विंडोजच्या सेटिंग्जमध्ये गेमिंग, कॅप्चर्स इथे 'रेकॉर्ड व्हॉट हॅपन्ड' चालू असेल तर गेम बार सतत मागचे काही सेकंद साठवत बसतो. एनव्हीडियाच्या ॲपमधला 'इन्स्टंट रिप्ले' तेच करतो. ऑल्ट आणि एफ१० दाबून मागचा प्रसंग सेव्ह होतो याचा अर्थ तो आधीपासून एन्कोड होतच असतो. म्हणजे एकच गेम तुम्ही दोनदा, क्वचित तीनदा रेकॉर्ड करताय. एक ठेवा, बाकीचे बंद करा. सगळ्यात स्वस्त दुरुस्ती ही, आणि सगळ्यात दुर्लक्षितही.

३. स्टॅट्सची खिडकी

ही पायरी कराल तर पुढच्या निम्म्या पायऱ्या वाचतील. व्ह्यू किंवा डॉक्स मेनूत 'स्टॅट्स' आहे, ते उघडा. त्यात तीन ओळी महत्त्वाच्या दिसतील: रेंडरिंग (ओबीएसचं फ्रेम तयार करणं) लॅगमुळे चुकलेल्या फ्रेम, एन्कोडिंग लॅगमुळे सोडलेल्या फ्रेम, आणि नेटवर्कमुळे गळलेल्या फ्रेम.

तिसरी ओळ फक्त लाइव्ह स्ट्रीम करणाऱ्यांसाठी. फाइल तुमच्या डिस्कवर साठते, इंटरनेटचा तिथे काडीचा संबंध नाही. तरीही रेकॉर्डिंग सुधारेल म्हणून फायबरचा वरचा प्लॅन घेतलेलं एक घर मला माहीत आहे. नेट छान झालं, रेकॉर्डिंग होतं तसंच राहिलं.

उरल्या दोन ओळी. आकडा घेण्याची रीत अशी: गेम सुरू करा, प्रत्यक्ष खेळात शिरा, रेकॉर्डिंग चालू करा, ऑल्ट-टॅब करून ओबीएसमध्ये या आणि स्टॅट्समधलं 'रिसेट' दाबा. हे रिसेट फार गरजेचं. गेम लोड होताना काही फ्रेम जातातच, त्या मोजून काही कळत नाही. आता गेममध्ये परत जा आणि जिथे त्रास होतो नेमकं तिथे दहा मिनिटं खेळा. मोकळ्या मैदानात फिरून आलेला आकडा कामाचा नाही. रेकॉर्डिंग थांबवून आकडे बघा.

दहा मिनिटांत ६० च्या हिशेबाने ३६,००० फ्रेम होतात. त्यांतल्या तीस-चाळीस गेल्या तर ०.१ टक्का, डोळ्याला बहुधा कळणारही नाही. ३६० गेल्या तर १ टक्का, आणि त्या एकगठ्ठा गेल्या असतील तर बघणारा वैतागेल. पाच-दहा टक्के दिसत असतील तर कारण ढळढळीत आहे, फक्त कोणत्या ओळीत आहे ते पाहा.

रेंडरिंगची ओळ वाढलेली असेल तर चौथी पायरी. एन्कोडिंगची वाढलेली असेल तर पाचवी. दोन्ही वाढल्या असतील तर आधी चौथीच, कारण जीपीयू मोकळा झाला की दुसराही आकडा पुष्कळदा खाली येतो. दोन्ही शून्याजवळ असूनही फाइल अडखळत असेल तर थेट सहाव्या पायरीवर जा.

हेच आकडे हेल्प मेनूतल्या लॉग फाइलच्या शेवटीही लिहिलेले असतात. ती फाइल जपून ठेवा, पुढे कामाला येईल.

४. रेंडरिंग लॅग: गेमला लगाम घाला

"पण दादा, गेम तर १४० फ्रेम देतोय!" हेच तर कारण आहे. फ्रेमवर मर्यादा नसली की गेम जीपीयूची सगळी ताकद खातो. टास्क मॅनेजरमध्ये जीपीयू ९७-९९ टक्के दिसतो. ओबीएसला आपली फ्रेम जुळवायला त्याच जीपीयूचा थोडासा वेळ हवा असतो, तो मिळत नाही. पहिल्या पंगतीला एकटा गेम बसतो आणि सगळं ताट चाटून उठतो. गेम मस्त चालणं आणि रेकॉर्डिंग बिघडणं हे दोन्ही एकाच कारणाने होतं, त्यामुळे नवं ग्राफिक कार्ड टाकलं तरी मर्यादा घातल्याशिवाय हाच प्रकार पुन्हा होऊ शकतो. नवं कार्ड २०० फ्रेम काढेल आणि तेही ९९ टक्क्यांवर जाईल.

म्हणून मर्यादा घाला. बहुतेक गेमच्या व्हिडिओ सेटिंगमध्ये 'फ्रेम रेट लिमिट' असतं. नसेल तर एनव्हीडिया कंट्रोल पॅनलमध्ये 'मॅक्स फ्रेम रेट' आहे. रेकॉर्डिंग ६० चं असेल तर ६० ठेवा. नेमबाजीचे गेम खेळणाऱ्यांना ६० वर हात बांधल्यासारखं वाटतं, ते मला मान्य आहे. त्यांनी १२० ठेवावं. ६० ची बरोबर दुप्पट असल्यामुळे ओबीएसला एकाआड एक फ्रेम समान अंतराने मिळते. १४४ ला तसा भाग जात नाही आणि हालचाल किंचित असमान दिसते. १२० वरही जीपीयू भरत असेल तर सावल्या, रिफ्लेक्शन, अँटी-अलायझिंग एकेक पायरी उतरवा. सावल्या आधी.

लक्ष्य एकच: खेळाच्या सगळ्यात जड प्रसंगीही जीपीयू ९० टक्क्यांच्या आसपास थांबला पाहिजे. लॉबी आणि मेनूसुद्धा तपासा. काही गेम मेनूत मर्यादा पाळत नाहीत, आणि नुसती बंदूक निवडताना पंखा गरगरायला लागतो.

दुसरी युक्ती, तीही फुकट: ओबीएसच्या आयकॉनवर राइट क्लिक करून 'रन ॲज ॲडमिनिस्ट्रेटर'. असं उघडलं की जीपीयूच्या रांगेत ओबीएसला प्राधान्य मागता येतं. मी हे कायमचंच करून ठेवतो.

जीपीयू भरलेला नाही आणि तरी रेंडरिंग लॅग आहे, असं असेल तर ओबीएसचा सीन उघडून बघा. गेम कॅप्चर आणि डिस्प्ले कॅप्चर दोन्ही एकावर एक पडलेले असतात, खालचं कोणाला दिसतही नाही पण ते चालू असतं. हलणाऱ्या ओव्हरलेसाठी (चित्रावर चिकटवलेल्या सजावटीसाठी) घेतलेले ब्राउझर सोर्स, म्हणजे ओबीएसच्या आत उघडलेली वेबपानं, तर भलतेच खादाड. सगळं काढून फक्त गेम कॅप्चर ठेवा, दहा मिनिटं रेकॉर्ड करा, मग एकेक परत आणा. कोण दोषी ते लगेच कळतं.

५. एन्कोडिंग लॅग: काम कोणाकडे दिलंय ते बघा

सेटिंग्ज, आउटपुट, वर 'ॲडव्हान्स्ड' निवडा, मग रेकॉर्डिंगचा टॅब. व्हिडिओ एन्कोडरच्या जागी 'एक्स२६४' असेल तर सगळा भार सीपीयूवर, म्हणजे मुख्य प्रोसेसरवर, आहे. ब्लूस्टॅक्ससारख्या एम्युलेटरवर (मोबाइलचे गेम कॉम्प्युटरवर चालवणाऱ्या सॉफ्टवेअरवर) फ्री फायर मॅक्स खेळणाऱ्यांचं दुखणं बहुतेक इथे असतं. एम्युलेटर आधीच सीपीयूचे कोअर धरून बसलेला, त्यात एक्स२६४ ची भर.

गेली बरीच वर्षं ग्राफिक चिपमध्ये एन्कोडिंगसाठी वेगळं सर्किट दिलेलं असतं. इंटेलचं क्विक सिंक २०११ पासून, एनव्हीडियाचं एनव्हेंक २०१२ पासून, आणि एएमडीचंही त्याच सुमाराचं. यादीत यांपैकी एक दिसलं की ते निवडा. सीपीयू मोकळा होतो आणि गेमच्या फ्रेमवर फारसा परिणाम होत नाही.

यादीत दिसलंच नाही तर? दुकानात कार्ड घेताना न सांगितल्या जाणाऱ्या दोन-तीन गोष्टी आहेत. एनव्हीडियाच्या जीटी १०३० कार्डात एनव्हेंक नाही. लॅपटॉपमधल्या एमएक्स१५०, एमएक्स२५० मध्येही नाही. ज्या इंटेल प्रोसेसरच्या नावाशेवटी 'एफ' आहे त्यात ग्राफिक्सच नाही, म्हणून क्विक सिंकही नाही. पण डेस्कटॉपमध्ये जीटी १०३० असेल आणि प्रोसेसर 'एफ' नसलेला इंटेल असेल, तर बायोसमध्ये (विंडोजच्या आधी उघडणाऱ्या मदरबोर्डच्या सेटिंगमध्ये) जाऊन प्रोसेसरमधलं ग्राफिक्स चालू करा. वेगळं कार्ड लावलं की बरेच मदरबोर्ड ते आपोआप झोपवून टाकतात. चालू करून ड्रायव्हर टाकला की ओबीएसच्या यादीत क्विक सिंक येतं. गेम कार्डावर, रेकॉर्डिंग प्रोसेसरमधल्या चिपवर. एक पैसा न घालता.

एनव्हेंक असूनही एन्कोडिंगची ओळ वाढतेय? 'लुक-अहेड' आणि 'सायको व्हिज्युअल ट्यूनिंग' या दोन खुणा काढा. या दोन सोयी त्या वेगळ्या सर्किटवर नाही, तर गेम वापरतो त्याच भागावर चालतात. प्रीसेट पी५ वरून पी३ वर आणा.

आणि रेट कंट्रोल, म्हणजे चित्र किती दाबायचं ते ठरवणारं सेटिंग. तिथे सीबीआर (कायम एकच बिटरेट) असेल तर ते लाइव्हसाठी आहे. रेकॉर्डिंगला सीक्यूपी (कायम एकच दर्जा), आकडा १८ ते २३ मध्ये कुठेतरी. आकडा लहान तितकं चित्र चांगलं आणि फाइल मोठी. मी २० पासून सुरुवात करतो. चित्र चौकोनी-चौकोनी फुटणं हा अडखळण्याहून वेगळा दोष, पण तोही इथेच जातो.

वेगळं सर्किट अजिबात नसेल तर एक्स२६४ वरच राहावं लागेल. प्रीसेट 'व्हेरीफास्ट' वरून 'सुपरफास्ट', मग 'अल्ट्राफास्ट' करा. तरी भागत नसेल तर चित्र लहान करा. ७२० मध्ये ९,२१,६०० पिक्सेल असतात, १०८० च्या निम्म्याहूनही कमी. माइनक्राफ्ट किंवा बांधकामाचे गेम ३० फ्रेमवर चांगले दिसतात, तिथे १०८० ठेवून ३० करा. नेमबाजीत आणि शर्यतीत उलट: ७२० घ्या, पण ६० सोडू नका.

६. डिस्क

दोन्ही आकडे ठीक, तरी चित्र लटकतं आणि स्टॉप दाबल्यावर फाइल बंद व्हायला वेळ लागतो. टास्क मॅनेजरमध्ये डिस्क १०० टक्के दिसतेय का बघा.

४० एमबीपीएसचं रेकॉर्डिंग म्हणजे सेकंदाला ५ एमबी, तासाला १८ जीबी. एवढं जुनी हार्ड डिस्कसुद्धा आरामात लिहिते. अडचण तेव्हा येते, जेव्हा गेम त्याच हार्ड डिस्कवरून नकाशे आणि टेक्श्चर वाचत असतो. आत फिरणाऱ्या चकतीवर हेड एकच. ते वाचायला इकडे आणि लिहायला तिकडे पळत राहतं. गेम एसएसडीवर आणि रेकॉर्डिंग हार्ड डिस्कवर अशी वाटणी केली की बहुधा सुटतं. फाइल डेस्कटॉपवर साठवत असाल आणि वनड्राइव्ह डेस्कटॉपचा बॅकअप घेत असेल, तर ती लिहिली जात असतानाच वनड्राइव्ह तिच्या मागे लागलेला असतो. रेकॉर्डिंगसाठी वेगळा फोल्डर करा, वनड्राइव्हच्या कक्षेबाहेर.

पेन ड्राइव्हवर थेट रेकॉर्ड करू नका. एक तर लिहायचा वेग कमी, आणि बऱ्याच पेन ड्राइव्ह एफएटी३२ या फॉरमॅटमध्ये असतात, ज्यात एक फाइल ४ जीबीच्या पुढे जात नाही. २० एमबीपीएसला ती मर्यादा अर्ध्या तासाच्या आतच येते. 'दर वेळी साधारण तेवढ्याच वेळाने बंद पडतं' अशी तक्रार असली की मी आधी हेच विचारतो.

जाता जाता: फाइलचा प्रकार एमकेव्ही ठेवा. साध्या एमपी४ मध्ये फाइलची सूची अगदी शेवटी लिहिली जाते. मध्येच वीज गेली किंवा गेमने मशीन लटकवलं तर सूचीच नसते आणि दोन तासांचं रेकॉर्डिंग उघडत नाही. एमकेव्ही असेल तर त्या क्षणापर्यंतचं सगळं वाचतं, आणि नंतर फाइल मेनूतल्या 'रीमक्स'ने काही सेकंदांत त्याचं एमपी४ होतं. ओबीएस ३०.२ पासून, म्हणजे २०२४ पासून, 'हायब्रिड एमपी४' आहे, तेही चालेल. घरी इन्व्हर्टर आहे म्हणून निर्धास्त राहू नका. त्यावरचं बटण 'यूपीएस'कडे नसेल तर वीज गेल्यावर बदल व्हायला जो क्षणभर वेळ जातो, तेवढ्यात डेस्कटॉप रीस्टार्ट होतो. पंख्याला ते कळत नाही, कॉम्प्युटरला कळतं.

७. उष्णता

पहिली दहा मिनिटं ठीक आणि मग घसरण, ही खूण बहुतेक वेळा उष्णतेची. नागपूर, जळगाव, अकोल्याकडे मे महिन्यात दुपारी रेकॉर्ड करणाऱ्यांना वेगळं सांगायला नको. प्रोसेसर एका मर्यादेपर्यंत तापला की जळू नये म्हणून स्वतःचा वेग कमी करतो. एचडब्ल्यूइन्फो नावाचं फुकट सॉफ्टवेअर ते स्पष्ट दाखवतं: 'थर्मल थ्रॉटलिंग'पुढे 'येस' आलं की समजा.

उघडाउघडी करण्याआधी एक साधी चाचणी घ्या. तोच गेम, तोच प्रसंग, सकाळी सहा-सातला, लॅपटॉपची मागची बाजू दोन वह्या घालून उचललेली. घसरण दहाव्या मिनिटाऐवजी पंचविसाव्याला आली किंवा आलीच नाही, तर कारण पक्कं.

गादीवर, उशीवर लॅपटॉप ठेवायचा नाही. मशीन बंद करून, चार्जर काढून, जाळीतून ब्लोअरने धूळ उडवा. ते करताना पंख्याच्या पात्यात टूथपिक अडकवून पातं धरून ठेवा. हवेच्या झोताने पंखा नको तेवढ्या वेगाने फिरला तर बेअरिंग जातं. डेस्कटॉपचं साइड पॅनल काढून हेच करता येतं. थर्मल पेस्ट (प्रोसेसरची उष्णता कूलरकडे नेणारा लेप) डेस्कटॉपवर धीटपणे बदला. लॅपटॉपवर, हात बसलेला नसेल तर, नको.

८. आता खर्च

इथपर्यंत येऊनही भागलं नसेल तरच. टास्क मॅनेजरमध्ये परफॉर्मन्स, मेमरी इथे जा. गेम आणि ओबीएस दोन्ही चालू असताना मेमरी ९० टक्क्यांच्या वर असेल तर ८ जीबीचे १६ करा. तिथेच 'स्लॉट्स यूज्ड' दिसतं. प्रोसेसरमधल्या ग्राफिक्सवर खेळत असाल आणि दोनपैकी एकच स्लॉट भरलेला असेल, तर दुसरी रॅम घातल्यावर फरक ठळक दिसतो, कारण ते ग्राफिक्स हीच मेमरी वापरतं आणि दोन रॅम असल्या की तिला दुप्पट रुंद वाट मिळते. गेम अजून हार्ड डिस्कवर असेल तर एसएसडी. ग्राफिक कार्ड सगळ्यात शेवटी.

कॅप्चर कार्ड मात्र या दोषासाठी घेऊ नका. कन्सोलचं चित्र कॉम्प्युटरमध्ये आणायला किंवा दोन कॉम्प्युटरच्या मांडणीत ते उपयोगी पडतं. गेम आणि रेकॉर्डिंग एकाच मशीनवर असेल तर त्याने भार बहुधा हलका होत नाही.

कुठे थांबायचं

खालचं काही दिसलं तर सेटिंगशी खेळणं सोडा आणि जाणकार तंत्रज्ञाकडे न्या.

हार्ड डिस्कमधून टकटक आवाज येतोय, किंवा डिस्कची तब्येत दाखवणारं क्रिस्टलडिस्कइन्फो 'बॅड' दाखवतंय. त्या डिस्कवर आणखी एकही रेकॉर्डिंग नको. 'कॉशन' असेल आणि डिस्क शांत असेल तर आधी महत्त्वाचं सगळं दुसरीकडे उतरवा. टकटक असेल तर तेही करू नका. डेटा परत मिळवणाऱ्याकडेच द्या, कारण अशी डिस्क जितकी चालवाल तितकी मिळण्याची आशा कमी होते.

रेकॉर्डिंग सुरू केलं की मशीन एकदम बंदच पडतं, इशारा नाही, निळी स्क्रीन नाही. हे पॉवर सप्लायचं किंवा टोकाच्या उष्णतेचं लक्षण. पॉवर सप्लायचा डबा घरी उघडायचा नाही. प्लग काढल्यानंतरही आतल्या कपॅसिटरमध्ये जीवघेणा भार राहू शकतो.

लॅपटॉपचा टचपॅड वर उचलल्यासारखा दिसतोय, तळ फुगलाय, झाकण नीट बसत नाही. बॅटरी फुगली आहे. चार्जर काढा, बंद करा, दाबून बसवायचा प्रयत्न करू नका, आणि त्याच दिवशी न्या.

जळका वास, चार्जरच्या पिनजवळ रंग बदललेला, गेम सुरू केल्यावर स्क्रीनवर रंगीत ठिपके किंवा पट्ट्या. यांतलं काहीही ओबीएसमुळे होत नाही.

मशीन वॉरंटीत असेल तर तळाचे स्क्रू काढण्याआधी अधिकृत सेवा केंद्राला विचारा.

नेताना नुसतं "लॅग होतंय" म्हणू नका. त्यावर पहिला सल्ला नवी रॅम घ्या असाच मिळतो. ओबीएसची लॉग फाइल, स्टॅट्सच्या खिडकीचा फोटो आणि एचडब्ल्यूइन्फोमधलं तापमान फोनमध्ये ठेवा आणि काउंटरवर दाखवा. काय-काय करून झालंय तेही सांगा. डेटाचा बॅकअप आधी घ्या, मशीनचा सिरियल नंबर लिहून ठेवा, कोणता भाग बदलणार ते पावतीवर लिहून घ्या आणि काढलेला जुना भाग परत मागा.